जोतीराव फुले आणि जलसंधारण

जोतीराव गोविंदराव फुले (११ एप्रिल, १८२७ – २८ नोव्हेंबर, १८९०) हे महाराष्ट्रातील समाजसुधारक, लेखक, शिक्षणप्रसारक आणि सत्यशोधक समाजाचे संस्थापक होते. ते महात्मा फुले या नावाने ओळखले जातात. स्त्रीशिक्षण आणि जातिभेदनिर्मूलन या क्षेत्रांतील त्यांचे कार्य सर्वश्रुत आहे. पाणी आणि जमीन यांविषयीचे त्यांचे विचार मात्र त्या मानाने कमी परिचित आहेत. १८८३ साली लिहून पूर्ण केलेल्या शेतकऱ्याचा असूड या ग्रंथात त्यांनी पावसाचे पाणी जेथे पडते तेथेच अडवून जमिनीत मुरवण्याची सविस्तर योजना मांडली आहे. माळीकामाची कौटुंबिक परंपरा, बांधकामाचा व्यवसाय, नगरपालिकेतील कामकाज आणि दुष्काळाचा अनुभव या सर्वांची पार्श्वभूमी या योजनेला आहे. प्रस्तुत लेखात त्यांच्या चरित्राचा या अंगाने परिचय करून दिला आहे.

घराणे आणि बालपण

फुले घराण्याचे मूळ आडनाव गोऱ्हे असून त्यांचे मूळ गाव सातारा जिल्ह्यातील कटगुण हे होय. जोतीरावांचे पणजोबा कटगुण सोडून पुणे जिल्ह्यातील पुरंदर तालुक्यातील खानवडी येथे येऊन राहिले. कटगुण आणि खानवडी ही दोन्ही गावे सह्याद्रीच्या पूर्वेकडील पर्जन्यछायेच्या प्रदेशात येतात. घाटमाथ्यावर धो धो कोसळणारा पाऊस या पट्ट्यात पोहोचेपर्यंत अगदी थोडा उरतो आणि तोही काही मोजक्या सरींत पडून वाहून जातो.

जोतीरावांचे आजोबा शेटीबा हे पुण्यास आले. त्यांचे तीन मुलगे राणोजी, कृष्णा आणि गोविंद हे पेशव्यांना फुले पुरवण्याचे काम करीत असत. त्यांच्या कामावर खूश होऊन दुसऱ्या बाजीरावाने या कुटुंबाला ३५ एकर जमीन इनाम दिली. फुलांच्या व्यवसायावरून पुढे फुले हेच आडनाव रूढ झाले. गोविंदराव आणि चिमणाबाई यांच्या पोटी जोतीरावांचा जन्म झाला. आई लवकर वारल्यामुळे त्यांचे संगोपन सगुणाबाई क्षीरसागर यांनी केले.

प्राथमिक शिक्षण झाल्यावर वडिलांनी त्यांना शाळेतून काढले आणि काही काळ ते घरच्या मळ्यात काम करीत होते. शेजारी राहणारे गफार बेग मुन्शी आणि लिजिट साहेब यांनी गोविंदरावांचे मन वळवल्यामुळे १८४१ मध्ये ते स्कॉटिश मिशनच्या शाळेत दाखल झाले. १८४७ मध्ये त्यांचे इंग्रजी शिक्षण पूर्ण झाले. वाफे बांधणे, पाट काढणे, मोटेचे पाणी पुरवून वापरणे ही मळ्यातील कामे माळी कुटुंबातील मुलाच्या अंगवळणी पडलेली असत. पुढील काळात शेतीविषयी लिहिताना जोतीराव ज्या बारकाव्याने नांगरट, खत, पाणी आणि बांध यांचा उल्लेख करतात, त्याचे मूळ या बालपणात आहे.

सामाजिक कार्याचा आरंभ

१८४८ साली जोतीरावांनी पुण्यातील बुधवार पेठेत भिडे वाड्यात मुलींची शाळा सुरू केली. त्यांच्या पत्नी सावित्रीबाई या शाळेत शिक्षिका म्हणून काम करू लागल्या. या कार्यामुळे १८४९ मध्ये दोघांना घर सोडावे लागले. यानंतर अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातींतील मुलांसाठीही त्यांनी शाळा काढल्या. १८५२ मध्ये विश्रामबाग वाड्यात सरकारच्या वतीने जोतीरावांचा सत्कार करण्यात आला. १८६३ मध्ये त्यांनी बालहत्या प्रतिबंधक गृह स्थापन केले. १८७३ मध्ये गुलामगिरी हा ग्रंथ प्रसिद्ध झाला आणि त्याच वर्षी २४ सप्टेंबर रोजी सत्यशोधक समाजाची स्थापना झाली.

वाड्यातील हौद (१८६८)

त्या काळातील पुण्याचा पाणीपुरवठा मुख्यतः हौद आणि विहिरी यांवर अवलंबून होता. अठराव्या शतकाच्या मध्यास नानासाहेब पेशवे यांच्या कारकीर्दीत कात्रजच्या डोंगरात तलाव बांधून तेथील पाणी जमिनीखालील दगडी नळाने शहरात आणण्यात आले होते. हे पाणी ठिकठिकाणच्या हौदांत पडे आणि पेठांतील लोक तेथून ते भरून नेत. मात्र अस्पृश्य मानल्या गेलेल्या लोकांना या हौदांना हात लावण्याची मुभा नव्हती. उन्हाळ्यात कोणी घागर भरून ओतेपर्यंत ताटकळत राहण्यावाचून त्यांना गत्यंतर नसे.

१८६८ साली जोतीरावांनी आपल्या राहत्या घरातील हौद अस्पृश्यांसाठी खुला केला. स्वतःच्या घरातील पाण्याला सर्वांचा स्पर्श मान्य करणे हे त्या काळात जातिबहिष्कृत होण्याचे कारण ठरू शकत असे. पाणी कोठून येते याइतकेच ते कोणाला मिळते हेही महत्त्वाचे आहे, ही जाणीव त्यांच्या पुढील सर्व जलविषयक लेखनात दिसते. सार्वजनिक पाणवठ्यावरील समान हक्काचा प्रश्न पुढे १९२७ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी महाडच्या चवदार तळ्याच्या सत्याग्रहात ऐरणीवर आणला. आंबेडकर फुले यांना आपल्या गुरूंपैकी एक मानत असत.

बांधकाम व्यवसाय आणि शेती

सार्वजनिक कार्यासाठी स्वतंत्र उत्पन्न असावे म्हणून जोतीरावांनी बांधकामाची कंत्राटे घेण्यास सुरुवात केली. पूना कमर्शिअल अँड काँट्रॅक्टिंग कंपनी या संस्थेशी ते संबंधित होते. कात्रजचा बोगदा, येरवड्याचा पूल आणि खडकवासला धरण या कामांशी त्यांचा संबंध आला. खडकवासल्याचे दगडी धरण १८७० च्या दशकात मुठा नदीवर बांधले गेले. पुणे शहर व लष्कर छावणीला पाणी पुरवणे आणि पूर्वेकडील कोरडवाहू गावांना कालव्याचे पाणी देणे हे त्याचे उद्देश होते.

या व्यवसायामुळे मोठ्या धरणाचे आणि कालव्याचे काम कसे चालते, ते त्यांनी जवळून पाहिले. मजुरांची स्थिती, कंत्राटदारांचे हिशेब आणि बांधकाम खात्यातील लाचखोरी यांवर त्यांनी आपल्या लेखनातून टीका केली आहे. पुण्याच्या पूर्वेस मांजरी येथे त्यांची शेती होती. धरण बांधणाऱ्याचा आणि शेत कसणाऱ्याचा असे दोन्ही अनुभव एकाच व्यक्तीच्या ठिकाणी असणे हे त्या काळातील समाजसुधारकांमध्ये विरळ होते.

पुणे नगरपालिकेतील कार्य

१८७६ ते १८८२ या काळात जोतीराव पुणे नगरपालिकेचे सदस्य होते. सार्वजनिक पैसा गोरगरिबांच्या उपयोगी पडावा असा त्यांचा आग्रह असे. व्हाइसरॉय लॉर्ड लिटन यांच्या पुणे भेटीनिमित्त शहर सजवण्यासाठी एक हजार रुपये खर्च करण्याच्या प्रस्तावाला त्यांनी विरोध केला. ही रक्कम शिक्षणासाठी वापरावी असे त्यांचे म्हणणे होते. शहरात दारूची दुकाने वाढवण्यासही त्यांनी हरकत घेतली.

दुष्काळाचा अनुभव

१८७६ ते १८७८ या वर्षांत दख्खनमध्ये भीषण दुष्काळ पडला. त्याआधीच, १८७५ साली, पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत सावकारांविरुद्ध शेतकऱ्यांचे उठाव झाले होते. कर्ज, शेतसारा आणि अवर्षण या तिहेरी ओझ्याखाली शेतकरी पिचलेला होता. या दुष्काळात जोतीराव आणि सावित्रीबाई यांनी पुण्याजवळील धनकवडी येथे व्हिक्टोरिया बालाश्रम सुरू केला आणि तेथे दुष्काळग्रस्त मुलांच्या जेवणाची सोय केली. मे १८७७ मध्ये जोतीरावांनी या कामासाठी मदतीचे जाहीर आवाहन केले.

दुष्काळानंतर १८७९ मध्ये सरकारने दख्खनमधील शेतकऱ्यांना कर्जबाजारीपणातून काही संरक्षण देणारा कायदा केला. कर्जाबरोबरच शेतीच्या मूळ दुरवस्थेकडेही लक्ष दिले पाहिजे, अशी जोतीरावांची भूमिका होती. जमिनीचा कस का गेला, विहिरी का आटल्या आणि पावसाचे पाणी कोठे जाते, हे प्रश्न त्यांनी पुढील ग्रंथात हाताळले.

शेतकऱ्याचा असूड

शेतकऱ्याचा असूड हा ग्रंथ जोतीरावांनी जुलै १८८३ मध्ये पूर्ण केला. त्यात पाच प्रकरणे आहेत. लेखन चालू असतानाच त्यांनी त्याचे जाहीर वाचन मुंबई, पुणे, ठाणे, जुन्नर, ओतूर, हडपसर, वंगणी इत्यादी ठिकाणी केले. बडोद्याचे सयाजीराव गायकवाड यांनीही तो ऐकला. नारायण मेघाजी लोखंडे यांच्या दीनबंधु या पत्रात त्याची पहिली दोन प्रकरणे प्रसिद्ध झाली.

जमिनीच्या ऱ्हासाची कारणे

लोकसंख्या वाढल्यामुळे प्रत्येकाच्या वाट्याची जमीन कमी झाली आणि काही वर्षे जमीन पडीक ठेवून तिला विश्रांती देण्याची जुनी पद्धत मोडली, असे जोतीरावांनी नोंदवले आहे. पूर्वी डोंगरावरील पालापाचोळा, गवत आणि कुजलेले अवशेष पावसाच्या पाण्याबरोबर खाली येऊन शेतांना खत मिळे. सरकारी वनखात्याने डोंगर, माळराने आणि गावोगावची गायराने आपल्या ताब्यात घेतल्यामुळे जनावरांची चराई बंद झाली. जनावरे कमी झाली म्हणजे शेणखत कमी झाले आणि जमीन अधिक निकस झाली, अशी ही साखळी त्यांनी उलगडून दाखवली आहे. १८७८ चा वनकायदा लागू होऊन त्या वेळी अवघी पाच वर्षे झाली होती.

पाणी मुरवण्याची योजना

ग्रंथाच्या अखेरच्या प्रकरणात सरकारने काय करावे याच्या सूचना आहेत. त्यांतील पाण्याशी संबंधित सूचनांचा सारांश पुढीलप्रमाणे आहे:

* ताली आणि बंधारे: शेतांच्या उतारावर जागोजागी तालींसारखे बंधारे घालावेत. पावसाचे पाणी आधी शेतांत जिरावे आणि मगच उरलेले पाणी ओढ्यानाल्यांना जावे, अशी त्यांची रचना असावी.
* मनुष्यबळ: या कामासाठी लष्करातील आणि पोलीस खात्यातील रिकाम्या शिपायांचा उपयोग करावा. अशा शिपायांची संख्या त्यांनी सुमारे दोन लाख धरली आहे. प्रत्येकाने रोज एक आणा किमतीचे काम केले तरी सरकारी उत्पन्नात मोठी भर पडेल आणि मोकळ्या हवेतील कामामुळे शिपायांचे आरोग्यही सुधारेल, असा त्यांचा हिशेब आहे.
* डोंगरांतील तलाव: डोंगरदऱ्यांमध्ये सोयीच्या जागी शक्य तितके तलाव व तळी बांधावीत. त्यामुळे खालच्या ओढ्यांना ऐन उन्हाळ्यात पाणी राहील, त्यावर लहान धरणे चालतील आणि परिसरातील विहिरींनाही पाणी मिळेल.
* धूप रोखणे: शेतांत घळी पडू नयेत म्हणून पाणलोटाच्या बाजूच्या ताली वेळोवेळी दुरुस्त करून घ्याव्यात.
* झऱ्यांची नोंद: पाणाड्यांकडून भूगर्भातील झरे शोधून घेऊन त्यांच्या खुणा गावाच्या नकाशांत दाखवाव्यात. सरकारी मदतीशिवाय विहीर खोदणाऱ्या शेतकऱ्याला बक्षीस द्यावे.
* गाळ आणि गायरान: नद्या व तलावांत साचलेला गाळ शेतकऱ्यांना पूर्वीप्रमाणे विनामूल्य नेऊ द्यावा. वनखात्यात सामील केलेली गायराने गावांना परत द्यावीत.
* कालव्याचे पाणी: पाणीपट्टी घेऊनही वेळेवर पाणी न देणाऱ्या खात्यावर त्यांनी टीका केली आहे. प्रत्येक शेतकऱ्याला गरजेपुरते पाणी मोजून मिळावे, यासाठी तोट्या बसवाव्यात असेही त्यांनी सुचवले आहे.

योजनेमागील तत्त्व

दख्खनच्या पठाराचा बहुतेक भाग काळ्या बेसॉल्ट खडकाचा आहे. हा खडक स्वतः पाणी फारसे धरत नाही. पाणी साठते ते त्याच्या वरच्या मुरमाड थरात आणि खडकातील भेगांमध्ये. जोराचा पाऊस उघड्या उतारावर पडला तर पाणी खडकात शिरण्याआधीच धावत सुटते आणि जाताना सुपीक मातीही घेऊन जाते. उतारावर आडवी ताल घातली की पाण्याचा वेग मोडतो. थांबलेल्या पाण्यातील गाळ तेथेच बसतो आणि पाण्याला मुरमात शिरण्यास अवधी मिळतो. तेच पाणी पुढे पायथ्याच्या विहिरींतून आणि ओढ्यांतून सावकाश वर येते.

डोंगरातील तळे, खालचा ओढा, त्यावरील धरण आणि भोवतालच्या विहिरी हे सारे एकाच पाण्याचे टप्पे आहेत, हे जोतीरावांच्या मांडणीत स्पष्ट दिसते. आज ज्याला माथा ते पायथा असे पाणलोट क्षेत्राचे नियोजन म्हणतात, त्याच्याशी ही मांडणी मिळतीजुळती आहे. खडकवासल्यासारख्या मोठ्या धरणाच्या कामाशी संबंध आलेल्या या लेखकाने आपल्या योजनेत अग्रक्रम शेतातील तालीला द्यावा, ही बाब विशेष उल्लेखनीय आहे. कालव्याचे पाणी कालव्याच्या काठापर्यंतच पोहोचते, पाऊस मात्र प्रत्येकाच्या शेतात पडतो.

या योजनेच्या काही मर्यादाही आहेत. ती जवळजवळ पूर्णपणे सरकारच्या सदिच्छेवर अवलंबून आहे आणि लष्कराला बांधबंदिस्तीच्या कामाला लावण्याची सूचना वसाहतकालीन सरकारकडून स्वीकारली जाणे अवघड होते. पाणाड्यांच्या कौशल्यावर तिने ठेवलेला विश्वास आजच्या भूजलशास्त्राला मान्य होणारा नाही. तरी झऱ्यांच्या जागा गावाच्या नकाशावर नोंदवण्याची मूळ कल्पना आजच्या भूजल सर्वेक्षणाच्या जवळ जाते.

अखेरची वर्षे

मार्च १८८८ मध्ये पुण्यात ड्यूक ऑफ कॅनॉट यांच्या सन्मानार्थ झालेल्या समारंभास जोतीराव शेतकऱ्याच्या साध्या वेशात उपस्थित राहिले आणि ग्रामीण जनतेच्या दारिद्र्याकडे त्यांनी पाहुण्यांचे लक्ष वेधले. त्याच वर्षी ११ मे रोजी मुंबईत मांडवी येथील कोळीवाड्याच्या सभागृहात जनतेने त्यांना महात्मा ही पदवी दिली. काही आठवड्यांतच त्यांना अर्धांगवायूचा झटका आला व उजवी बाजू निकामी झाली. अशा अवस्थेत त्यांनी डाव्या हाताने सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक लिहून पूर्ण केले. ते त्यांच्या मृत्यूनंतर १८९१ मध्ये प्रसिद्ध झाले. २८ नोव्हेंबर, १८९० रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. अंत्ययात्रेत सावित्रीबाईंनी स्वतः टिटवे धरले. पुण्यातील त्यांचा वाडा व समाधी हे ठिकाण आज समताभूमी म्हणून ओळखले जाते.

वारसा

जोतीरावांच्या हयातीत त्यांची जलसंधारणाची योजना अमलात आली नाही. १९७२ च्या दुष्काळात महाराष्ट्रात लाखो हातांना काम देताना बांधबंदिस्ती, नालाबांध आणि पाझर तलाव ही कामे मोठ्या प्रमाणावर काढण्यात आली. १९७७ मध्ये रोजगार हमीचा कायदा झाला. सार्वजनिक मनुष्यबळ माती आणि पाणी अडवण्याच्या कामी लावण्याची कल्पना अशा रीतीने वेगळ्या रूपात प्रत्यक्षात आली.

फुले घराण्याने काही काळ वास्तव्य केलेल्या पुरंदर तालुक्यातच, नायगाव येथे, विलासराव साळुंखे यांनी १९७० च्या दशकात पाणी पंचायतीचा प्रयोग केला. पावसाचे पाणी डोंगरउतारावर अडवावे आणि त्याचे वाटप जमिनीच्या प्रमाणात न करता कुटुंबातील माणसांच्या संख्येनुसार करावे, भूमिहीनांनाही त्यात वाटा असावा, हे या प्रयोगाचे सूत्र होते. (सावित्रीबाई फुले यांचे जन्मगाव असलेले नायगाव हे याहून वेगळे असून ते सातारा जिल्ह्यात आहे.) पुढे राळेगण सिद्धी आणि हिवरे बाजार या अहमदनगर (सध्याचा अहिल्यानगर) जिल्ह्यातील गावांनी पाणलोट विकासाची कामे यशस्वी करून दाखवली. पाणी अडवा, पाणी जिरवा ही घोषणा राज्यभर रुजली. राज्य शासनाने जलसंधारणाच्या एका अभियानाला महात्मा फुले यांचे नाव दिले. राहुरी येथील कृषी विद्यापीठही त्यांच्या नावाने ओळखले जाते.

पुणे शहराच्या संदर्भात

जोतीरावांच्या काळातील पुणे मळे, बागा आणि मोकळ्या अंगणांचे शहर होते. आज शहराचा मोठा भाग डांबर, काँक्रीट आणि फरशीने झाकला गेला आहे. त्यामुळे पाऊस जमिनीत न मुरता गटारांतून थेट ओढ्यांत जातो. पावसाळ्यात पूर आणि उन्हाळ्यात टँकर, अशी दुहेरी आपत्ती त्यातून ओढवते. २५ सप्टेंबर, २०१९ रोजी रात्री कात्रजकडून येणाऱ्या आंबिल ओढ्याला आलेल्या पुरात शहरात मोठी जीवितहानी झाली.

शेतातील तालीचे तत्त्व अंगणालाही लागू पडते. छपराचे पाणी गाळून शोषखड्ड्यात किंवा विंधन विहिरीत सोडणे, अंगणाचा काही भाग मातीचा ठेवणे, झाडांची आळी रस्त्याच्या पातळीपेक्षा किंचित खोल करणे, सांधे मोकळे ठेवून फरशी बसवणे आणि टेकड्यांवर समपातळीत चर खणणे, हे उपाय पाण्याचा वेग मोडून त्याला मुरायला वेळ देतात. पर्जन्यजल संधारणाची व्यवस्था करणाऱ्या मिळकतींना पुणे महानगरपालिका मिळकतकरात सवलत देते आणि मोठ्या भूखंडांवरील नव्या इमारतींना अशी व्यवस्था बंधनकारक आहे. ही व्यवस्था टिकते ती मात्र देखभालीवर. शोषखड्डा गाळाने भरला की तो निरुपयोगी ठरतो. बांधलेल्या ताली वेळोवेळी दुरुस्त ठेवाव्यात, ही जोतीरावांची सूचना म्हणूनच शहरातही तितकीच लागू आहे.

हे सुद्धा पहा

* शेतकऱ्याचा असूड
* सावित्रीबाई फुले
* खडकवासला धरण
* पाणी पंचायत
* चवदार तळे सत्याग्रह